द्राक्ष व्यापाऱ्यानं फसवलं, पोलीस तपासच करत नाहीत. कोर्टात जाऊन तपास सीबीआयकडे देता येईल का? (नाशिक)

ताई, तुमचं म्हणणं असं की वडिलांचा आणि गावातल्या अजून काही जणांचा माल परराज्यातल्या व्यापाऱ्यानं उचलला, पैसे बुडवले, एप्रिलमध्ये गुन्हा दाखल झाला आणि तेव्हापासून तपासी अंमलदार नुसतं 'तपास चालू आहे' म्हणतोय. तर हो, तपास दुसरीकडे देता येतो, पण सीबीआयचा हट्ट धरू नका. आमचाही माल निफाड तालुक्यातून असाच गेलेला आणि आम्ही हायकोर्टापर्यंत गेलोय म्हणून कळकळीनं सांगतोय.

सुप्रीम कोर्टानं २०१० मध्येच सांगितलंय की हायकोर्ट राज्याच्या परवानगीशिवायही सीबीआयला तपास देऊ शकतं, पण अगदी अपवाद म्हणून, कुणी मागितलं म्हणून नाही. स्थानिक पोलिसांवर नाराज आहोत एवढ्यावर तर नाहीच. तुमचे किती लाख गेले याच्यापेक्षा पोलिसांनी नेमकं काय केलं नाही हे कोर्ट बघतं, आणि तेही कागदावर दिसावं लागतं.

म्हणून आधी बसून लिहून काढा. व्यापाऱ्याच्या बँक खात्याचं स्टेटमेंट मागवलं का, खातं गोठवलं का, माल कुठल्या गाडीतून गेला, ड्रायव्हरचा जबाब झाला का, सौदा करून देणाऱ्या दलालाचा झाला का, पॅकहाऊसचं सीसीटीव्ही घेतलं का (ते थोड्याच दिवसांत पुसलं जातं आणि कॉल रेकॉर्डपण कंपन्या कायमचं ठेवत नाहीत, म्हणून उशीर म्हणजे पुरावाच जातो हे अर्जात ठळक लिहा). एकेक मुद्द्यावर तपासी अंमलदाराला लेखी अर्ज द्या आणि आवक शिक्क्याची पोच घ्या. तोंडी विनंत्यांना कोर्टात काहीच किंमत नसते, आमच्या वकिलांनी पहिल्याच भेटीत पोचपावत्या मागितल्या होत्या. आणि नव्या फौजदारी प्रक्रिया कायद्यात, म्हणजे बीएनएसएस (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता) कलम १९३ मध्ये, तपास कुठवर आला ते ९० दिवसांत फिर्यादीला कळवायचं बंधन आहे पोलिसांवर, एप्रिल म्हणजे ते कधीच उलटून गेले असणार. कळवलं नसेल तर तो तुमचा सगळ्यात सरळ मुद्दा.

मग एसपी ऑफिसला, आडगावला, सगळ्या शेतकऱ्यांच्या सह्यांचा एकच अर्ज द्या की तपास आर्थिक गुन्हे शाखेकडे वर्ग करा. एसपी हे स्वतःच्या अधिकारात करू शकतात, त्याला कोर्ट लागत नाही.

नाही झालं तर तुमच्या तालुक्याच्या मॅजिस्ट्रेट कोर्टात बीएनएसएस कलम १७५(३) खाली अर्ज (जुन्या सीआरपीसीचं १५६(३) तेच हे). मॅजिस्ट्रेट तपासावर लक्ष ठेवू शकतो, नीट तपास करा असं सांगू शकतो, सुप्रीम कोर्टाच्या २००८ च्या साकिरी वासू निकालात ते आहे. पण सीबीआयला तपास द्यायचा अधिकार त्याला नाही. ही पायरी गाळून थेट वर गेलात तर 'आधी खाली का गेला नाहीत' हा प्रश्न येतोच.

त्यानंतर हायकोर्ट. नाशिक जिल्हा मुंबईच्या मुख्य पीठाकडे येतो, औरंगाबादकडे नाही. तिथं राज्यघटनेच्या कलम २२६ खाली क्रिमिनल रिट (फौजदारी याचिका) करायची आणि मागणी पायऱ्यांनी लिहायची, आधी आर्थिक गुन्हे शाखा, नाहीतर राज्य सीआयडी किंवा वरिष्ठ अधिकाऱ्याच्या देखरेखीखाली एसआयटी, आणि तेही नाही तर निदान ठरावीक मुदतीत तपास पूर्ण करायचा आदेश. आमच्या वेळी नोटीस निघाल्यावर सरकारी वकिलांनी सांगितलं की तपास आर्थिक गुन्हे शाखेकडे वर्ग केलाय, कोर्टानं ते नोंदवून याचिका निकाली काढली. निकाल म्हणून दोन पानांचा कागद, पण खाती गोठली ती त्यानंतरच. इतके महिने ज्याला फोन केले तो अधिकारी जे करत नव्हता ते नवीन अधिकाऱ्यानं आल्या आल्या केलं, याचा राग अजून जात नाही माझा.

एका गोष्टीकडे डोळ्यात तेल घालून बघा. पोलीस अशा केसमध्ये 'हा दिवाणी व्यवहार आहे' म्हणून सी समरी, म्हणजे तपास बंद करायचा अहवाल, कोर्टात पाठवतात. कोर्टाची तशी नोटीस आली तर तारखेला हजर राहून हरकत घ्याच. सुरुवातीपासूनच पैसे द्यायचा इरादा नव्हता हे दाखवणाऱ्या गोष्टी, म्हणजे खोटा पत्ता, बंद खात्याचे चेक, त्याच हंगामात दुसऱ्या गावातही हेच, त्या हरकतीत लिहा. कुणी एमपीआयडी (महाराष्ट्राचा ठेवीदार हितसंरक्षण कायदा) लावा म्हणेल, पण तो १९९९ चा कायदा ठेवीदारांसाठी आहे, उधारीवर दिलेल्या मालाला तो धरून बसू नका.

आणि तपास बदलला तरी पैसे आपोआप येत नाहीत. वसुलीचा दिवाणी दावा ३ वर्षांच्या आत लावावा लागतो, फौजदारी केस चालू आहे म्हणून ती मुदत थांबत नाही. चेक बाऊन्स झाला असेल तर बँकेचा मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस जायला हवी, तेव्हा वडिलांकडे अजून न भरलेले चेक असतील तर त्यांच्या तारखा आजच बघा, चेक ३ महिनेच चालतो.