कायदेविषयक प्रश्नोत्तरे : बेलिफास अडवले, पुढे काय?

प्रश्न : देवगड तालुक्यातील घर व लगतची कलमांची बाग यांचा ताबा चुलतभावाने द्यावा, असा न्यायालयाचा हुकूमनामा माझ्या वडिलांना २०१९ साली मिळाला. त्यावर अपील झाले नाही. वडील वारल्यावर आम्ही वारसांनी दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल केली. पंधरा दिवसांपूर्वी न्यायालयाचे बेलिफ (हुकूम बजावणारे कर्मचारी) ताब्याचे वॉरंट घेऊन आले, तेव्हा चुलतभावाचा मेहुणा दारात उभा राहून म्हणाला, "घर मी भाड्याने घेतले आहे, दाव्यात माझे नाव नाही." बेलिफ परत गेले. आता मेहुण्यावर नवा दावा लावावा लागेल काय?

उत्तर : नाही. अडथळा आणणाऱ्याचा हक्क खरा की खोटा, हा प्रश्न दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश २१, नियम १०१ नुसार दरखास्त चालविणाऱ्या न्यायालयानेच ठरवायचा असतो. त्यासाठी स्वतंत्र दावा चालत नाही. त्याच दरखास्तीत नियम ९७ खाली अडथळा दूर करण्याचा अर्ज द्यावा. मुदत कायदा, १९६३ च्या अनुच्छेद १२९ प्रमाणे हा अर्ज अडथळा आल्यापासून ३० दिवसांच्या आत द्यावा लागतो, म्हणजे आपली निम्मी मुदत संपलेली आहे. हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीस १२ वर्षे मिळतात, हे सर्वांस ठाऊक असते आणि त्या भरवशावरच ही छोटी मुदत हातची जाते.

बेलिफाच्या अहवालाची नक्कल आधी काढून घ्यावी. अडवणारा कोण, त्याने नेमका कोणता हक्क सांगितला, कागद दाखवला की नुसते तोंडी बोलला, पंचांच्या सह्या आहेत की नाहीत, यावर पुढील चौकशी बरीच अवलंबून राहते. "ताबा मिळाला नाही" एवढ्या एका ओळीचा अहवाल असेल, तर हजर असलेल्या शेजाऱ्यांची प्रतिज्ञापत्रे जोडणे इष्ट.

मेहुणा स्वतंत्र हक्क सांगत असल्याने त्याचे म्हणणे ऐकल्याशिवाय त्यास बाहेर काढता येणार नाही. मात्र तो घरात केव्हा आला, हे पाहावे. भाडेकरार, घरपट्टी, वीजबिल यांवरील तारखा दावा दाखल झाल्यानंतरच्या असतील आणि त्याचा हक्क चुलतभावाकडूनच आलेला असेल, तर नियम १०२ नुसार त्याची हरकत टिकत नाही. ताब्याचा आदेश झाल्यावरही चुलतभाव, किंवा त्याच्या चिथावणीने मेहुणा, अडवत राहिला, तर नियम ९८ खाली ३० दिवसांपर्यंत दिवाणी कैदेची तरतूद आहे. बागेत कोणी कूळ असल्याचे सांगू लागला, तर गोष्ट वेगळी. कूळ आहे की नाही हे ठरविण्याचा अधिकार १९४८ च्या कूळ कायद्याने महसुली अधिकाऱ्याकडे दिला आहे.

वॉरंट पुन्हा निघेल तेव्हा पोलीस बंदोबस्त न्यायालयामार्फतच मागावा. गडगा (दगडी कुंपण) ढासळून हद्द पुसट झाली असल्यास भूमी अभिलेख खात्याच्या मोजणीदारास सोबत नेण्याची परवानगी घ्यावी, कारण हिस्सा क्रमांकाचा घोळ दिसताच बेलिफ हात आखडता घेतात. कुलूप स्वतः तोडू नये. आवश्यक ती सूचना देऊन ते काम नियम ३५ प्रमाणे बेलिफाने करावयाचे असते. आतील सामानाची यादी पंचनाम्यात यावी आणि ताबेपावतीवर आपण सही करण्यापूर्वी त्यात घराबरोबर बागेचाही उल्लेख आहे, हे पाहून घ्यावे.

प्रश्न : आमच्या गुहागरच्या दुकानगाळ्याबाबत सामनेवाल्याने अपील केले आहे. निकाल लागेपर्यंत ताबा मिळणार नाही का?

उत्तर : नुसत्या अपिलाने अंमलबजावणी थांबत नाही, आदेश ४१, नियम ५ प्रमाणे अपील न्यायालयाचा स्थगिती आदेश लागतो. तो नसल्यास दरखास्त चालू ठेवावी. मात्र अपिलात हुकूमनामा फिरला, तर कलम १४४ खाली ताबा परत करावा लागू शकतो, म्हणून तोवर गाळ्यात मोठी मोडतोड करू नये किंवा तो तिसऱ्यास देऊ नये.