आरसी कार्ड हरवलं आहे आणि गाडी विकायची आहे, तर आधी काय करू?

तुमचा प्रश्न असा आहे: गाडी २०१३ची, एमएच १० म्हणजे सांगली पासिंगची, तुम्ही नोकरीला पुण्यात. स्वारगेटहून एसटीने घरी जाताना पाकीट गेलं आणि आरसीचं, म्हणजे गाडीच्या नोंदणी प्रमाणपत्राचं, कार्ड त्यातच होतं. गाडीला गिऱ्हाईक लागलंय, ते म्हणतंय गाडी आत्ता द्या, कागद मागाहून करू. आणि एजंट डुप्लिकेट आरसीचे साडेचार हजार सांगतोय.

सगळ्यात आधी, गाडी आत्ता देऊ नका. गिऱ्हाईक कितीही ओळखीचं असलं तरी नाही. माझ्या मामांनी त्यांची बाइक अशीच गावातल्या एकाला दिली होती, कोऱ्या फॉर्मवर सह्या करून. पुढे दोन वर्षं त्या बाइकची चलानं मामांच्या मोबाइलवर येत राहिली आणि ज्याला बाइक दिली त्याने ती तिसऱ्यालाच विकून टाकली होती. चलानाचं एक वेळ ठीक, पैसे भरून मिटतं. अपघात झाला तर मिटत नाही. मोटार वाहन कायद्यात मालक म्हणजे ज्याच्या नावावर गाडीची नोंद आहे तो. २०१८ साली नवीन कुमार विरुद्ध विजय कुमार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच धरलं: गाडी चार हातांतून गेली असली तरी नोंद ज्याच्या नावावर, नुकसानभरपाईची जबाबदारी त्याच्यावर. त्यामुळे आरसी हातात येऊन नाव बदलण्याचा अर्ज पडेपर्यंत गाडी तुमच्याच दारात उभी राहू दे. गिऱ्हाइकाला गाडी खरोखर हवी असेल तर ते काही आठवडे थांबेल. फार तर थोडी विसार रक्कम घ्या आणि कागदावर लिहून ठेवा.

आता आरसीबद्दल. आपण आरसीला गाडीचा सातबारा समजतो, म्हणून ती हरवली की पोटात गोळा येतो. अमेरिकेतल्या माझ्या बहिणीकडून कळलं की तिकडे मालकीचा कागद आणि नोंदणीचा कागद वेगवेगळे असतात. मालकीच्या कागदाला टायटल म्हणतात आणि तो लोक घरात जपून ठेवतात. आपल्याकडे तसे दोन कागद नाहीत. एकच नोंदणी प्रमाणपत्र, आणि तेही मूळ नोंदीचा उतारा. मूळ नोंद आरटीओकडे, आता ‘वाहन’ या संगणक प्रणालीत असते. तुमचं कार्ड एसटीत पडलं, पण नोंद जागेवर आहे. ‘डुप्लिकेट’ शब्दानेही घाबरू नका. बोलताना आपण डुप्लिकेट म्हणजे बनावट म्हणतो, इथे त्याचा अर्थ फक्त दुसरी प्रत. विक्रीला ती मूळ कार्डाइतकीच चालते.

म्हणून माझा सल्ला जरा उलटा वाटेल. आधी अर्ज भरायला घेऊ नका, आधी नोंद बघा. डुप्लिकेट काढणाऱ्या बहुतेकांची गाडी अडते ती कार्ड हरवल्यामुळे नाही, नोंद वर्षानुवर्षं जुनी राहिल्यामुळे. माझंही तेच झालं.

माझी गाडी एका सहकारी बँकेच्या कर्जावर घेतलेली. कर्ज फिटलं, बँकेने पत्र दिलं, मी पेढे वाटले आणि विसरलो. आरसीवरचा बोजा, म्हणजे कर्जाची नोंद, जिला आरटीओत ‘एचपी’ म्हणतात, तो उतरवायचा असतो हे मला कुणी सांगितलं नाही. पुढे कपाटाला वाळवी लागली, त्यात आरसीही गेली. डुप्लिकेटचा अर्ज केला तो परत आला, कारण नोंदीत बोजा तसाच होता. बोजा असेल तर डुप्लिकेटच्या अर्जावर कर्ज देणाऱ्याची संमती लागते. आणि ती बँक तोवर दुसऱ्या बँकेत विलीन झालेली. नव्या बँकेच्या शाखेत जाऊन सांगितलं तर त्यांनी जुन्या कर्जखात्याचा नंबर मागितला. तो आईच्या ट्रंकेत, जुन्या वीजबिलांच्या गठ्ठ्यात सापडला. तिने कर्जाच्या हप्त्यांच्या पावत्यासुद्धा दोऱ्याने बांधून ठेवल्या होत्या. ती पावती हातात आली तेव्हा मी जमिनीवरच बसलो. त्यानंतर ना-हरकत पत्र आणि फॉर्म ३५, म्हणजे बोजा उतरवायचा फॉर्म, मिळायला तीन आठवडे लागले. हे सगळं आधी कळलं असतं तर अर्ज परत आला नसता.

तर तुम्ही आज रात्रीच डिजिलॉकर हे कागदपत्रांचं सरकारी अॅप उघडा आणि गाडीची आरसी तिथे ओढून घ्या. त्यासाठी गाडीचा नंबर आणि चेसिस नंबर लागतो. कार्ड नसलं तरी चेसिस आणि इंजिन नंबर विमा पॉलिसीवर असतात. ती आरसी उतरली की दोन कामं होतात. एक, तोवर गाडी चालवायची सोय होते. २०१८पासून डिजिलॉकर किंवा एमपरिवहनमधली आरसी मूळ कागदाइतकीच ग्राह्य आहे, त्यामुळे वाहतूक पोलिसांनी अडवलं तर फोनवर दाखवा. त्या अॅपमधली दाखवा, गॅलरीतला फोटो नको. दुसरं आणि महत्त्वाचं, तुमची नोंद आज नेमकी काय म्हणते ते डोळ्यांनी दिसतं. नावाचं स्पेलिंग, पत्ता, बोजाच्या रकान्यात बँकेचं नाव आहे का, विम्याची मुदत. प्रत्येक ओळ वाचा.

नोंदीला कुठला मोबाइल नंबर जोडलाय तेही तपासा. ऑनलाइन अर्जात ओटीपी त्याच नंबरवर जातो. २०१३ साली शोरूमवाल्याने कधीकधी स्वतःचाच नंबर टाकलेला असतो, किंवा तुमचं जुनं सिम बंद झालेलं असतं. तसं असेल तर आधी परिवहनच्या संकेतस्थळावर नंबर बदलून घ्या. तिथे पूर्ण चेसिस नंबर, इंजिन नंबर आणि नोंदणीची तारीख विचारतात. यात काही जुळलं नाही तर मात्र आरटीओत जाण्यावाचून इलाज नाही. गाडीचा डेटाच ‘वाहन’मध्ये नसेल, फक्त जुन्या रजिस्टरात असेल, तर तिथे ‘बॅकलॉग’ नोंद करून घ्यावी लागते. २०१३च्या गाडीला ही वेळ सहसा येत नाही. जुन्या स्कूटरवाल्यांना येते, म्हणून वाचणाऱ्यांसाठी लिहिलं.

पोलिसांचं काम. केंद्रीय मोटार वाहन नियम ५३ सांगतो की जिथे आरसी हरवली त्या हद्दीतल्या पोलीस ठाण्यात कळवायचं. तुम्हाला पाकीट नक्की कुठे पडलं माहीत नाही. शेवटचं स्वारगेटला पाहिलं असेल तर पुण्याची नोंद धरा. पुणे पोलिसांच्या संकेतस्थळावर ‘लॉस्ट अँड फाउंड’ची सोय आहे, ठाण्यात न जाता हरवल्याची नोंद होते आणि तिची प्रत मिळते. नोंद करताना नुसतं ‘पाकीट’ लिहू नका. आरसी, तिच्यावरचा गाडीचा नंबर, लायसन्स, पॅन, जे जे गेलं ते वेगवेगळं लिहा. दाखल्यात आरसीचा उल्लेख नसेल तर खिडकीवरचा माणूस तो पहिल्या नजरेत बाजूला ठेवतो. पण एक प्रश्न स्वतःला प्रामाणिकपणे विचारा: पाकीट पडलं की कुणी मारलं? मारलं असेल तर ती चोरी आहे. मग ऑनलाइन हरवल्याची नोंद करू नका, ठाण्यात जाऊन चोरीचीच तक्रार द्या. सोयीसाठी ‘हरवलं’ लिहायचा मोह होतो. पण उद्या त्या कार्डाचा कुणी गैरवापर केला तर तुमची तक्रारच तुमच्या मदतीला येणार आहे, ती खरी असायला हवी.

आता अर्ज. तो पुण्यात नाही, सांगलीच्या आरटीओकडे जाणार, कारण गाडीची नोंद तिथे आहे. तुम्ही मात्र पुण्यात बसून करू शकता. परिवहनच्या संकेतस्थळावर वाहनासंबंधी सेवांमध्ये जाऊन महाराष्ट्र निवडायचं, गाडीचा नंबर आणि चेसिसचे शेवटचे पाच आकडे टाकायचे, ओटीपी आला की डुप्लिकेट आरसी निवडायची. फॉर्म क्रमांक २६. त्यात हरवण्याची परिस्थिती लिहायची जागा असते. दोन ओळी, तारीख आणि ठिकाण पुरे, लांबण नको, पण पोलीस नोंदीशी जुळेल असंच लिहा. मार्च २०२१मध्ये केंद्राने आधार पडताळणीवर घरबसल्या मिळणाऱ्या १८ सेवांची यादी काढली, तिच्यात डुप्लिकेट आरसी आहे. आधारचा पर्याय चालला तर खिडकीवर जायची गरज पडू नये. नाव आधारवर आणि आरसीवर वेगळं असेल, मधलं नाव नसेल, तर तो पर्याय अडतो आणि कागद घेऊन जावं लागतं. तेव्हा पोलिसांचा दाखला, विमा, पीयूसी, आधार, पॅन यांच्या प्रती सोबत ठेवा. काही ठिकाणी प्रतिज्ञापत्र आणि चेसिस नंबरचा पेन्सिलने घासून घेतलेला ठसाही मागतात, म्हणून निघण्याआधी फोन करून विचारा. सांगलीत राहणारा कुणी चुलतभाऊ, मित्र असेल तर त्याला चौकशीला पाठवलंत तरी तुमची एक खेप वाचेल.

चलानं थकलेली असतील तर आधी भरा. आणि नंबरप्लेट बघा. १ एप्रिल २०१९च्या आधीच्या गाड्यांना महाराष्ट्रात उच्च सुरक्षा नंबरप्लेट सक्तीची केलेली आहे. तुमची गाडी त्यात बसते. ती प्लेट बसवली नसेल तर आरटीओची कामं अडतात, विशेषतः नाव बदलण्याचं. तुम्हाला गाडी विकायचीच आहे, म्हणून या प्लेटची वेळ आजच घ्या, अर्जाची वाट बघत बसू नका.

पैशांचं. केंद्राच्या नियमात डुप्लिकेटचं शुल्क नोंदणी शुल्काच्या निम्मं आहे. खासगी कारचं नोंदणी शुल्क ६०० रुपये, म्हणजे डुप्लिकेटचे ३०० आणि स्मार्ट कार्डचे २००, वर टपालाचा खर्च. दुचाकीला ३०० ऐवजी १५०. साडेचार हजारांतले बाकीचे पैसे एजंटच्या धावपळीचे. ज्यांना इंटरनेट जमत नाही, सुट्टी मिळत नाही, त्यांनी एजंट लावला तर मी चूक म्हणणार नाही; तो माणूस दिवसभर उन्हात उभा असतो. पण त्याला कोऱ्या फॉर्म २९ आणि ३०वर सह्या करून देऊ नका. हे दोन फॉर्म मालकी बदलाचे आहेत, डुप्लिकेटशी त्यांचा काही संबंध नाही. ‘पुढच्या कामाला लागतील, आत्ताच करून ठेवा’ असं म्हणून ते घेतले जातात. मामांच्या बाइकचं तेच झालं होतं.

बोजा असेल तर बँकेचं ना-हरकत पत्र आणि फॉर्म ३५च्या दोन प्रती, त्यांच्या सही-शिक्क्यासह, आधी मिळवा. ना-हरकत पत्राला मुदत असते, म्हणून ते मिळालं की अर्ज लांबवू नका. बोजा उतरवणं आणि डुप्लिकेट, दोन्ही अर्ज एकदम घेतात का ते विचारा. माझे घेतले होते, त्यामुळे नवं कार्ड बोजाशिवायच छापून आलं.

मंजुरी झाली की कार्ड स्पीड पोस्टाने येतं, आणि येतं ते आरसीवरच्या पत्त्यावर. तुमचं सांगलीचं घर बंद असेल तर पोस्टमन ते परत नेतो, मग ते पुन्हा आरटीओत जातं आणि ते शोधायला तुम्हालाच जावं लागतं. शेजाऱ्यांना, पोस्टमनला आधीच सांगून ठेवा. अर्ज क्रमांकावरून संकेतस्थळावर कुठे काय अडलंय ते दिसतं, तो क्रमांक जपून ठेवा. पुढेमागे जुनं कार्ड कुणी आणून दिलं तर ते वापरू नका, आरटीओत जमा करा.

कार्ड हातात आलं की मग गिऱ्हाइकाला बोलवा. विकणाऱ्याने १४ दिवसांच्या आत आरटीओला कळवायचं असतं आणि घेणाऱ्याने ३० दिवसांच्या आत नावावर करून घ्यायची असते. पण मी तुमच्या जागी असतो तर अर्ज त्याच्यासमोर बसून, दोघांचे ओटीपी एकाच टेबलावर टाकून, त्याच दिवशी भरला असता, आणि किल्ली त्यानंतर दिली असती.

डिजिलॉकरमध्ये आरसी उतरली की बोजाच्या रकान्यात कुणाचं नाव दिसतं ते इथे कळवा. बँक विलीन झालेली असेल तर अर्ज कुणाकडे आणि कसा करायचा हे माझ्या कागदांवरून बघून सांगतो.