बोलताना गिऱ्हाईक मागे का सरकतं? किती अंतर ठेवावं?

बहुतेकदा तुम्ही फार जवळ उभे असता म्हणून. एडवर्ड हॉल या अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञाने १९६० च्या दशकात मापं मांडली: ४५ सेंटिमीटरच्या आत अगदी घरची माणसं, १.२ मीटरपर्यंत ओळखीचे, ३.६ मीटरपर्यंत कामापुरते. हे आकडे अमेरिकी मध्यमवर्गाचे. नागपुरात, त्यातही बर्डीच्या (सीताबर्डी बाजाराच्या) गर्दीत, जसेच्या तसे लावू नका. तिथे खांद्याला खांदा घासला तरी कोणी मनावर घेत नाही, कारण नजरा दुसरीकडे असतात. अवघडल्यासारखं होतं ते तोंडासमोर तोंड आलं की. म्हणून हातभर जागा सोडा, थोडं तिरपं उभं राहा. गिऱ्हाईक पाऊलभर मागे गेलं तर जागचे हलू नका. बहुतेक सेल्समन नेमके तेव्हाच पुढे सरकतात, अन् माणूस दारापर्यंत पोहोचतो! बाईगिऱ्हाईक असेल तर मध्ये काउंटर असलेला बरा.