आपल्या बाजूची चूक

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र मिळाले. मंजूर आराखड्यात खालच्या वस्तीपर्यंत दाखवलेली जलजीवनची पाइपलाइन तुझ्याच पॅनेलच्या सरपंचांनी अलीकडेच थांबवली, त्या वस्तीने निवडणुकीत समोरच्या पॅनेलला मते दिली होती हे अख्ख्या गावाला ठाऊक आहे, आणि आराखड्याची प्रत पिशवीत असूनही मासिक सभेत तू गप्प बसलीस. बोलले तर समोरच्यांच्या हाती आयते कोलीत मिळेल आणि घरचे अबोला धरतील, न बोलले तर हापशावर त्या वस्तीतल्या बायकांना तोंड दाखवता येत नाही, असे तू लिहितेस. ‘काका, मी काय करू?’ एवढाच तुझा प्रश्न आहे. तुझ्या पॅनेलमागे कोणता समाज आहे आणि समोर कोणता, हे मी या पत्रात मुद्दाम लिहीत नाही. नावांची अदलाबदल केली तरी माझे उत्तर तेच राहणार आहे.

आपल्या माणसांची चूक आपणच बोलून दाखवायची, आणि बोलून झाल्यावर आपल्याच माणसांत बसायचे. यातला एक भाग घेऊन दुसरा सोडता येत नाही. बहुतेक लोक गप्प राहतात. जे गप्प राहत नाहीत ते चिडून पलीकडे निघून जातात. गप्प राहणाऱ्यामुळे चूक पक्की होते, निघून जाणाऱ्यामुळे मागे उरलेल्यांत प्रश्न विचारणारा एक माणूस कमी होतो, आणि दुफळी दोन्ही वाटांनी वाढतेच.

दुभंगलेल्या गावात विरोधकाच्या तक्रारीला वजन उरत नाही. खालच्या वस्तीने आजवर अर्ज दिले नसतील असे नाही. पण ‘ते तर बोलणारच’ या तीन शब्दांत तुमच्या पॅनेलने ते निकालात काढले असतील. हेच वाक्य तुझ्याबद्दल कोणाला म्हणता येणार नाही. तू त्यांची आहेस, निवडणुकीत त्यांच्याबरोबर घरोघर फिरली आहेस, म्हणूनच तुझ्या बोलण्याची त्यांना भीती वाटते आणि म्हणूनच ते बोलणे गरजेचे आहे.

गाव असे कशाने झाले, हेही तू विचारले आहेस. भांडणे पूर्वीही होती, पण ती एकमेकांना छेदून जात. सोसायटीच्या निवडणुकीत भावकी फुटायची, बंधाऱ्याच्या पाण्यावरून वरचे शिवार आणि खालचे शिवार भिडायचे, जत्रेच्या वर्गणीवरून आळ्या भांडायच्या, विधानसभेला पक्ष वेगळे असायचे. सोसायटीत ज्याच्याशी हातघाईवर आलो, तोच पाण्याच्या प्रश्नावर आपल्या शेजारी उभा असायचा, त्यामुळे कोणालाही कायमचा शत्रू करणे परवडत नसे. मी त्या काळाचे गोडवे गात नाही. दलितांना विहिरीपासून दूर ठेवणारी एक रेघ तेव्हाही होती आणि ती कशानेही पुसली जात नव्हती. परंतु बाकीच्या रेघा एकमेकींवरून जात होत्या. आज त्या सगळ्या एकाच जागी येऊन बसल्या आहेत. १ सप्टेंबर २०२३ रोजी जालना जिल्ह्यातल्या अंतरवाली सराटीत मराठा आरक्षणाच्या आंदोलकांवर लाठीमार झाला, ऑक्टोबरअखेरीस बीड आणि माजलगावात घरे पेटली, आणि त्यानंतर मराठा आणि ओबीसी ही एकच ओळख पॅनेलला, किराणा दुकानाला, चहाच्या हॉटेलला आणि मोबाइलमधल्या ग्रुपलाही लागू झाली. तिच्या मुळाशी खरी दुखणी आहेत. पिढ्यान् पिढ्या वाटण्या होऊन जमिनीचे तुकडे झाले, सोयाबीन-कापसाचा खर्च निघेनासा झाला, शिकलेल्या पोरांना नोकऱ्या नाहीत, आणि ज्या थोड्या आहेत त्यांच्यावर सगळ्यांची नजर आहे. सर्वाधिक मते मिळवणारा एकटा निवडून येतो अशी आपली पद्धत असल्यामुळे अनेक उमेदवारांच्या लढतीत पुढाऱ्याला सगळ्यांची मने जिंकावी लागत नाहीत. एक गठ्ठा घट्ट बांधला की त्याचे काम होते, आणि गठ्ठा बांधायला भीतीइतका स्वस्त दोर दुसरा नाही.

तुझ्या पत्रातली एक गोष्ट मला खटकली, ती सांगतो. समोरचे काय काय बोलतात याची यादी तू दोन पाने भरून दिलीस, स्क्रीनशॉटही जोडलेस. तुझ्या बाजूचे काय बोलतात ते मात्र चार ओळींत उरकलेस. पुढच्या वेळी समोरच्यांचे स्क्रीनशॉट पाठवू नकोस. त्यांच्या ग्रुपवर तू नाहीस आणि तिथे तुझे कोणी ऐकणार नाही. तुझ्या ग्रुपवर खालच्या वस्तीबद्दल जे लिहिले जाते ते वाचून तू काय लिहिलेस, ते मला कळव.

हा हट्ट माझ्यात कुठून आला, तेही सांगतो. मी ज्या गोटात वाढलो तो निजामाविरुद्ध लढलेल्यांचा, समतेची भाषा बोलणाऱ्यांचा होता. २७ जुलै १९७८ रोजी मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव विधिमंडळाने संमत केला आणि लगेच मराठवाड्यातल्या गावोगावी दलितांच्या वस्त्या पेटल्या. नांदेड जिल्ह्यात पोचिराम कांबळे यांची हत्या झाली. आमच्याच गोटातली मोठी, त्यागी माणसे नामांतराच्या विरोधात उभी होती. मराठवाड्याची अस्मिता, मुक्तिसंग्रामाची आठवण ही त्यांची कारणे होती, आणि ती पोकळ नव्हती असे मी आजही मानतो. पण घरे जळत असताना त्या कारणांची उजळणी ऐकणे मला अशक्य झाले. मी बैठकीत उभा राहिलो आणि म्हणालो, की आधी जाळपोळीचा निषेध आपल्या नावाने छापा, नावाचा वाद नंतर करू. ज्यांच्या हाताखाली मी घडलो त्या ज्येष्ठांनी मला बसायला सांगितले. मी बसलो नाही. त्यानंतर ते माझ्याशी कधीच बोलले नाहीत, आणि नामविस्तार, म्हणजे विद्यापीठाच्या जुन्या नावाला बाबासाहेबांचे नाव जोडणे, होण्यापूर्वीच गेले. मी त्यांच्या घरी जात राहिलो, बाहेरच्या खोलीत बसून परत येत राहिलो. याचे दुःख मला आहे आणि ते जायचे नाही. पण माझ्या बोलण्याचा पश्चात्ताप मला नाही. १४ जानेवारी १९९४ रोजी नामविस्तार झाला, म्हणजे साडेपंधरा वर्षे लागली. ती केवळ विरोधकांच्या ताकदीमुळे लागली नाहीत, समतेचे नाव घेणारे आमच्यासारखे असंख्य लोक आपापल्या बैठकीत गप्प बसले म्हणूनही लागली.

तुमच्यासारख्यांमुळे आपली बाजू कमकुवत होते, असे मला आजही ऐकवले जाते. तुलाही तेच ऐकवतील, म्हणून उत्तर देऊन ठेवतो. आयुर्विमा महामंडळाने हरिदास मुंदडा यांच्या कंपन्यांत सव्वा कोटीच्या आसपास रक्कम गुंतवल्याचे प्रकरण डिसेंबर १९५७ मध्ये लोकसभेत ज्यांनी लावून धरले, ते फिरोज गांधी काँग्रेसचे खासदार आणि पंतप्रधानांचे जावई होते. न्यायमूर्ती छागला यांनी मुंबईत उघड चौकशी केली, लोक ऐकायला गर्दी करत, आणि फेब्रुवारी १९५८ मध्ये अर्थमंत्री टी. टी. कृष्णमाचारी यांना राजीनामा द्यावा लागला. फिरोज गांधींनी पक्ष सोडला नाही, आणि काँग्रेस बुडालीही नाही. १९६२ मध्ये तिला पुन्हा स्पष्ट बहुमत मिळाले. त्याआधी १९५६ मध्ये मुंबईच्या प्रश्नावर चिंतामणराव देशमुखांनी आपल्याच सरकारला भर लोकसभेत जाब विचारून अर्थमंत्रिपद सोडले होते. बाजू कमकुवत होते ती चूक झाकल्याने, कारण झाकलेली चूक पुढच्या चुकीला परवानगी देते.

असे खासदार आज का दिसत नाहीत, यालाही कारण आहे. १९८५ मध्ये ५२ व्या घटनादुरुस्तीने पक्षांतरबंदी आली. आयाराम-गयारामांना आवर घालण्याचा हेतू योग्यच होता, पण व्हिप, म्हणजे मत कसे द्यायचे याचा पक्षाचा आदेश, मोडून मत दिले तर सदस्यत्व जाते, या भयाने एकट्या सदस्याचा विवेक बांधला गेला. गटाने फुटणे मात्र थांबले नाही, हे महाराष्ट्राने २०२२ आणि २०२३ मध्ये एका पाठोपाठ एक पाहिले. संसदीय समित्यांत सत्ताधारी सदस्यही बंद दाराआड आपल्या सरकारला अडचणीचे प्रश्न विचारू शकतात. पंधराव्या लोकसभेत ७१ टक्के विधेयके समित्यांकडे गेली होती, सतराव्या लोकसभेत जेमतेम १६ टक्के गेली. आपल्या बाजूला प्रश्न विचारण्याच्या जागाच अशा आटत गेल्या की कारभार सूडाने चालू लागतो. तुमच्या सरपंचपदाचेच पाहा. थेट निवडणूक २०१७ मध्ये आली, २०२० मध्ये सरकार बदलल्यावर रद्द झाली, २०२२ मध्ये पुन्हा सरकार बदलल्यावर परत आली. कोणती पद्धत गावाला मानवली, हे पाहायला मध्ये कोणी थांबलेच नाही. तुमची पाइपलाइनही त्याच वाटेने जाईल. आज तुम्ही खालची वस्ती तोडलीत, उद्या ते निवडून आले की वरची आळी तोडतील, आणि दोन्ही वेळा पाण्याचे पैसे शासनाचेच, म्हणजे सगळ्यांचे असतील.

तुझी अडचण खासदाराइतकी मोठी नाही. ग्रामपंचायतीची निवडणूक पक्षाच्या चिन्हावर होत नाही. तुझ्यावर कोणाचा व्हिप नाही. भीती आहे ती घरच्यांच्या अबोल्याची, आणि मी अबोला सोसला आहे, म्हणून ती क्षुल्लक आहे असे म्हणणार नाही. तरीही ती सोसता येते.

आता कामाचे. आधी सरपंचांच्या घरी जा, एकटी जा, आराखडा पुढे ठेव आणि वस्तीची लाइन पूर्ववत करण्याची संधी त्यांना दे. आपल्या माणसाला आपण चारचौघांत बोलण्याआधी घरात सांगितलेच पाहिजे, ही रीत सोडू नकोस. त्यांनी ऐकले नाही तर ग्रामपंचायत अधिकाऱ्यांकडे, म्हणजे पूर्वीच्या ग्रामसेवकांकडे, लेखी अर्ज दे आणि पोच घे. मग ग्रामसभेत उभी राहा. गणपूर्तीसाठी १०० किंवा १५ टक्के मतदार, यांपैकी जी संख्या कमी ती पुरते. खालच्या वस्तीतल्या बायकाच आल्या तरी सभा तहकूब होणार नाही, त्यांना यायला सांग. बोलताना फक्त पाइपलाइनबद्दल बोल. सरपंचांच्या हेतूबद्दल, समाजाबद्दल, मागच्या भांडणाबद्दल एक शब्दही नको. तुझे म्हणणे प्रोसिडिंगमध्ये उतरले की नाही ते सही करण्यापूर्वी वाच. व्हिडिओ काढून समोरच्यांना देऊ नकोस. ते शाल-नारळ घेऊन तुझ्या दारात येतील, येणारच. त्यांना चहा दे आणि शाल परत कर. त्यांच्यातल्या एखाद्या तरुणाला मात्र एवढे विचार, की त्यांची सत्ता होती तेव्हा वरच्या आळीचा रस्ता का रखडला, आणि तेव्हा त्यांच्यातले कोण उठून बोलले होते.

पॅनेलमधून काढले तर, असे तू शेवटी विचारले आहेस. काढायचे असेल तर त्यांना काढू दे, तू स्वतः उठून जाऊ नकोस. पुढच्या मासिक सभेला नेहमीच्या खुर्चीवर बस आणि दिवाबत्तीचा, शाळेच्या भिंतीचा ठराव योग्य असेल तर तुझ्या पॅनेलबरोबर हात वर कर.

तुझा,
काका