लेखकाच्या मृत्यूनंतर कॉपीराइट ६० वर्षंच का? आधी ५० होती ना?

हो, १९५७च्या कायद्यात ५०च होती. बदल झाला तो रवींद्रनाथ टागोरांमुळे. ते १९४१ साली गेले, म्हणजे १९९१ संपताच त्यांचं साहित्य सर्वांसाठी खुलं होणार होतं. हक्क त्यांनीच स्थापन केलेल्या विश्वभारती विद्यापीठाकडे होते. मुदत संपायला तीन-चार दिवस उरले असताना, डिसेंबर १९९१च्या अखेरीस, अध्यादेश निघाला आणि ५०ची ६० झाली. पुढे १९९२मध्ये त्याचा कायदा झाला.

ही वाढ एकट्या टागोरांना देता येत नव्हती, म्हणून ती सगळ्यांना लागू झाली. आपल्याकडचंच बघा. साने गुरुजी १९५० साली गेले. जुन्या नियमाने ‘श्यामची आई’ १ जानेवारी २००१ला खुली झाली असती, ती झाली २०११ला. (मुदत मृत्यूनंतरच्या १ जानेवारीपासून मोजतात.)

लेखकाने लिहीत राहावं म्हणून त्याला हक्क द्यायचा, हे मला मनापासून पटतं. पण जो ५० वर्षांपूर्वी गेला, त्याला आणखी १० वर्षं देऊन कोणती नवी कविता मिळणार? मला जास्त सलतात ती विस्मृतीत गेलेल्या लेखकांची पुस्तकं. वारस कोण ते कळत नाही, परवानगी मागायची कुणाकडे? अशा पुस्तकांसाठी सक्तीच्या परवान्याची, म्हणजे वारसाच्या संमतीशिवाय छापायची अधिकृत परवानगी मिळवण्याची, तरतूद कायद्यात आहे, पण जुनी दोनशे प्रती खपणारी कादंबरी पुन्हा छापायला कुठला छोटा प्रकाशक एवढा खटाटोप करेल? तोवर ग्रंथालयातल्या एकुलत्या प्रतीची पानं पिवळी पडून तुटायला लागलेली असतात.