खिडक्या उपटणारी लेक आणि न ऐकलेली गोष्ट

ताई, तुमची लेक 20 महिन्यांची. परदेशातून आलेलं रानातल्या प्राण्यांचं खिडक्याखिडक्यांचं पुस्तक (पुठ्ठ्याची झडप उघडली की आत चित्र, तसलं) तिनं हातात घेतलं, तीन दिवसांत दोन खिडक्या उपटल्या, आणि गोष्ट तर ऐकतच नाही. मग ते माळ्यावर टाकू का, असं विचारलंयत. टाकू नका. वेंगुर्ल्याकडे 22 वर्षं बालवाडी चालवताना मी अशी पुस्तकं चिंध्या होईपर्यंत वापरलीत.

मुळात गोष्ट वाचायचीच नाही. या वयात खिडकी हीच गोष्ट. झाडाची ढोली उघडली, घुबड दिसलं, मिटली, गेलं, पुन्हा उघडली, अजून आहे! पदराआडून बुवाकुक करतो त्यातलाच हा प्रकार. एकाच पानावर पंधरा मिनिटं गेली तर जाऊ देत. उलट्या बाजूनं पानं उलटली तरी चालेल.

तुम्ही फक्त "आत कोण आहे?" विचारायचं आणि गप्प बसायचं. मनात दहापर्यंत मोजा. हे फार जड जातं, मोठ्यांची जीभ शिवशिवते. माझ्याकडे एक मुलगा होता, बोलायला उशिरा लागलेला. ढोलीचं दार उघडण्याआधी तो रोज बोटानं टकटक करायचा, माझ्याकडे बघायचा, मग उघडायचा. मीही नुसती टकटक करायचे. असे तीन आठवडे गेले. एक दिवस दार उघडायच्या आधीच म्हणाला, "घुब!" (आमच्या सासूबाईंना तिन्हीसांजेला घुबडाचं नाव घेतलेलं खपत नसे, म्हणून घरी हे पान सकाळीच व्हायचं.)

उपटण्याचं म्हणाल तर तो हट्ट नाही, ती मुठीनं ओढते. नवीन पुस्तक हातात द्यायच्या आधीच खिडकीच्या बिजागरीला आतून-बाहेरून सेलोटेप लावा, आणि मोकळा कोपरा जरासा वर दुमडून ठेवा, म्हणजे बोट आत शिरतं.

नावांचा घोळ मात्र होतो. त्या पुस्तकातला नारिंगी, शेपटीचं टोक पांढरं असलेला प्राणी आपण सर्रास कोल्हा म्हणतो. आपला कोल्हा, म्हणजे रात्री कोल्हेकुई करणारा, मालवणीतला कोलो, तो वेगळा. चित्रातला म्हणजे इंग्रजीतला फॉक्स, आपल्या खोकडाच्या जातकुळीतला. त्याच पुस्तकातला अंगाचा काटेरी गोळा करणारा प्राणी म्हणजे हेजहॉग, तो साळिंदरही नाही. साळिंदर केवढं मोठं, काटे वीतभर, आणि ते गोळा होत नाही. दोन वर्षांच्या पोरीला हे समजवायची गरज नाही, पण आजी "ह्या साळिंदर" म्हणाली तर तेवढं हळूच सांगा. गोळा होणारं आपल्याकडे खवले मांजर.

म्हणूनच एक पुस्तक घरी करा. जुन्या लग्नपत्रिकांचा जाड पुठ्ठा घ्या. फणसाच्या पानाच्या आकाराची खिडकी कापा, मागे शेकरू काढा: पाठ तपकिरी, पोट पिवळसर, शेपूट अंगाहून लांब. आपला राज्यप्राणीच तो. दुसऱ्या पानावर भेकर, म्हणजे छोटं हरीण. ते कुत्र्यासारखं भुंकतं, तेव्हा आवाज तुम्हीच काढा. चित्र बेढब आलं तरी हरकत नाही, माझं भेकर शेळीसारखं दिसायचं.

बटण दाबून आवाज येणारी पुस्तकं मला फारशी आवडत नाहीत. दिलीतच तर सेलच्या झाकणाला स्क्रू आहे ना, तो घट्ट आहे ना, बघा. गोल चपटा सेल पोटात गेल्याचा नुसता संशय आला तरी वाट न बघता दवाखाना गाठा; अन्ननलिका दोन तासांत भाजू शकते.

आणि पावसाळा! जुलैत पुठ्ठा फुगतो, पुस्तकातल्या सशाला चिकटवलेली मऊ फर कुबट होते. पत्र्याचा डबा, कोरडं फडकं आणि उघडीप मिळाली की ऊन, एवढं पुरतं. डांबरगोळ्या ठेवू नका, त्या विषारी. या वयाची मुलं सगळं तोंडात घालतात.

त्या उपटलेल्या दोन खिडक्या फेकल्या नसतील तर जपून ठेवा. ती चघळत नसेल तर तिच्याच हातात द्या. कुठली कुणाच्या घराची, ते ती जुळवत बसेल.