उडी मारली, तर खाली कोण आणणार?

प्रश्न : फिरत्या अवकाश स्थानकात कडेची भिंत हीच जमीन असते म्हणतात. पण तिथे खाली ओढणारं काहीच नाही. मग उडी मारलेला माणूस परत खाली येतो कसा? आणि वजनकाटा चालेल का?

उत्तर : शंका रास्त आहे. पुष्कळ जण ‘अपकेंद्री बल’ (फिरताना बाहेर फेकल्यासारखं वाटतं ते) एवढं म्हणून मोकळे होतात.

शिक्षक असताना मी पाण्याची बादली उभी गरगर फिरवून दाखवायचो. एकदा हात समोर आडवा असतानाच कडी निसटली. पहिल्या बाकावरची मुलं अंग चोरून बसली, पण बादली त्यांच्याकडे गेलीच नाही. सरळ वर उडून पंख्यावर आदळली आणि पाणी माझ्याच डोक्यावर. फिरती वस्तू सुटली की बाहेर फेकली जात नाही. त्या क्षणी जिकडे निघालेली असते, तिकडेच सरळ जाते.

तुमचा उडी मारणारा म्हणजे ती सुटलेली बादली. पाय सुटले तरी फिरण्याचा वेग अंगात असतोच. तो सरळ रेषेत जातो आणि गोल वळत आलेली जमीन त्याला आडवी येते. त्याला वाटतं, आपण खाली आलो. (हा वेगच नसेल, तर तो मध्येच तरंगत राहील आणि जमीन पायांखालून सरकत राहील.)

1966 साली जेमिनी 11 यान 30 मीटरच्या पट्ट्याने एजिना यानाला जोडून हळू फिरवलं होतं. हातातून सोडलेला कॅमेरा मागे सरकत गेला. अंतराळवीरांना मात्र काहीच जाणवलं नाही.

पृथ्वीइतकं वजन हवं, तर 10 मीटर त्रिज्येच्या चाकाला मिनिटाला साडेनऊ फेरे लागतील. डोकं गरगरेल. शिवाय दीड मीटरवरून सोडलेला चेंडू पायाशी न पडता सुमारे 65 सेंटिमीटर मागे पडेल. त्रिज्या 224 मीटर केली की दोन फेरे पुरतात आणि चेंडूही जेमतेम 12 सेंटिमीटरच चुकतो. म्हणून मोठं चाक हवं, आणि तेवढं मोठं अजून कुणी बांधलेलं नाही.

वजनकाटा चालेल, पण त्यावर स्वस्थ उभं राहा. त्या लहान चाकाच्या कडेचा वेग सेकंदाला 10 मीटरही नाही. एखादा कसलेला धावपटू उलट्या दिशेने तेवढ्या वेगाने पळाला, तर त्याचं वजन शून्य होईल आणि पाय जमिनीवरून सुटतील. मग पुढचं पाऊल टाकणार कशावर?